पानात बांधलेला अख्खा मासा, भाज्यांसह: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

केळीच्या पानात अख्खा मासा बांधून, सोबत भाज्या घालून शिजवण्याबद्दल मला जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारले जातात, त्यांची उत्तरं इथे एकत्र लिहिली आहेत. विचारणारे बहुतेक मसाल्याबद्दल विचारतात. मासे मात्र बिघडतात ते वाफेच्या हिशेबात: पुडकं सैल बांधलं जातं, गाजर जाड चिरलं जातं, मासा गरजेपेक्षा मोठा आणला जातो. म्हणून मसाल्याइतकंच वाफेबद्दलही लिहिलं आहे.

हा पदार्थ नेमका कुठला?

एका ठिकाणचा नाही. जिथे केळ वाढते आणि मासा रोजच्या जेवणात असतो, अशा आशियातल्या कितीतरी भागांत याचं आपापलं रूप आहे. पश्चिम जावातल्या सुंदा लोकांचं 'पेपेस' हे त्यातलं मला सगळ्यांत आवडणारं. मासा, हळदीचं वाटण, टोमॅटो आणि केमांगी नावाची लिंबाच्या वासाची तुळस असं सगळं केळीच्या पानात बांधून आधी वाफवतात, मग निखाऱ्यावर धरतात. लाओसमध्ये 'मोक पा' करतात. त्यात शेपू, गवती चहा, छोटे कांदे आणि रस दाट व्हावा म्हणून भिजवून कुटलेला चिकट तांदूळ असतो. फिलिपिन्समध्ये तिलापियाच्या पोटात टोमॅटो, कांदा, आलं ठासून भरतात आणि त्याला 'पिनापुतोक' म्हणतात. मलेशिया आणि सिंगापूरकडे साम्बाल, म्हणजे मिरचीचं वाटण, फासलेला मासा पानावर ठेवून भाजतात, तो 'इकान बाकार'.

भारतातही हे नवीन नाही. केरळचं करिमीन पोळ्ळिच्चतु, बंगालची मोहरीची पातुरी, पारशांची हिरव्या चटणीतली पात्रा नी मच्छी ही याच कुळातली. फरक इतकाच की पातुरी आणि पात्रा नी मच्छी बहुतेक वेळा तुकड्यांची होते, आणि पुडक्यातच भाजी शिजवण्याची सवय आग्नेय आशियात जास्त दिसते. खाली मी मुख्यतः जावाची पद्धत धरून लिहिते आहे. बाकीच्या पद्धती जिथे उपयोगी पडतात तिथे येतील.

पानच कशाला? फॉइलमध्ये होत नाही का?

होतो. पण तो फॉइलमध्ये वाफवलेला मासा होतो.

पान दोन कामं करतं. एक, ते स्वतः ओलसर असतं, त्यामुळे आच थेट माशाला लागत नाही. दुसरं, ते तापलं की त्याचा स्वतःचा वास सुटतो, थोडा चहाच्या पत्तीसारखा, थोडा ओल्या गवतासारखा, आणि निखाऱ्यावर कडा करपल्या की त्यात धुराची एक हलकी चव मिसळते. फॉइलला यातलं काही जमत नाही. शिवाय वाटणात चिंच किंवा लिंबू असेल तर ते अॅल्युमिनियमला थेट लागू नये हे चांगलं, कारण आंबट पदार्थ त्याला खातात. पान कमी पडलं आणि बाहेरून फॉइलचा एक थर द्यावा लागला तर काही हरकत नाही. माशाला पानच लागलं पाहिजे, एवढं बघा.

मासा कोणता आणि केवढा घ्यावा?

जातीपेक्षा आकार आधी बघा. एका पुडक्यासाठी ५०० ते ७०० ग्रॅमचा मासा सगळ्यांत चांगला. पाठीजवळ तो साधारण तीन ते चार सेंटीमीटर जाड असतो, आणि तेवढ्या जाडीत वाफ आतपर्यंत पोचेस्तोवर बाहेरचं मांस कोरडं पडत नाही.

मी एकदा पाहुण्यांसाठी म्हणून दीड किलोचा तांबोशी आणला होता. दिसायला सुंदर. चाळीस मिनिटांनी उघडला तर शेपटीकडचा भाग दोऱ्या दोऱ्या झालेला आणि डोक्यामागे कण्याला मांस गुलाबी, काट्याला चिकटलेलं. परत बांधून ठेवला, तोवर भाज्यांचा लगदा झाला. त्या दिवसापासून माणसं जास्त असली की मी दोन मध्यम मासे आणते, एक मोठा नाही.

जातींबद्दल म्हणाल तर पापलेट, छोटा जिताडा, तांबोशी, तिलापिया, काळुंदर हे सगळे उत्तम. काळुंदर म्हणजेच केरळचं करिमीन. जावामध्ये गोड्या पाण्यातला कार्प सर्रास वापरतात. त्याला बारीक काटे खूप, पण वाटणाची चव तो फार छान धरतो. बांगडाही चालतो आणि मला तो आवडतोही. तेलकट मासा पानात कोरडा पडत नाही, मात्र त्याला आंबट जास्त लागतं. सुरमई अख्खी मिळाली तरी ती या कामाला घेऊ नका. लांबट, घट्ट मांसाचा मासा वाफेत लवकर रवाळ होतो.

अख्खाच का? तुकडे बांधले तर?

तुकडेही चांगलेच लागतात, पातुरी त्याचा पुरावा आहे. अख्ख्या माशात कातडी आणि कणा दोन्ही शाबूत राहतात. कातडी मांसाचा ओलावा धरून ठेवते, आणि काट्याजवळचा चिकटसर अंश विरघळून रसात उतरतो, तोच खालच्या भाज्यांना लागतो. पुडक्यातला रस गार झाल्यावर बोटांना चिकटतो, तो त्यामुळे. तुकड्यांच्या पुडक्यात तो इतका दाट होत नाही.

साफ करताना काय करून घ्यायचं?

खवले काढून, कल्ले काढून, पोट साफ करून, डोकं आणि शेपूट ठेवून. कल्ले राहिले तर वाटण कितीही चांगलं असो, रसाला कडवट वास येतो. पोटात कण्याला चिकटून रक्ताची एक काळपट रेघ असते. ती नखाने किंवा चमच्याच्या टोकाने खरवडून, वाहत्या पाण्याखाली धुऊन टाका. 'माशाला वास येतो' अशी तक्रार घेऊन येणाऱ्यांना मी आधी या रेघेबद्दलच विचारते.

मग मासा कापडाने किंवा कागदाने अगदी कोरडा पुसा आणि दोन्ही बाजूंना तीन-तीन तिरपे चर द्या, काट्याला सुरी लागेल इतके खोल. चर पाठीकडे खोल आणि पोटाकडे उथळ ठेवा. पोटाचं मांस पातळ असतं, तिथे खोल कापलं तर ते उघडं पडतं.

पान शेकायचं म्हणजे काय? माझं दर वेळी फाटतं.

हा प्रश्नही खूप येतो, म्हणून जरा सविस्तर सांगते.

कच्चं केळीचं पान दुमडलं की मधल्या शिरेपासून कडेकडे जाणाऱ्या बारीक रेषांवर चिरतं. आधी ती मधली जाड शीर सुरीने कापून काढा. ती राहिली तर पुडकं कधीच घट्ट बसणार नाही. पान ओल्या फडक्याने दोन्ही बाजूंनी पुसा. मग गॅस मध्यम ठेवून पान दोन्ही हातांत ताणून धरा आणि आचेपासून चार-पाच बोटं वर ठेवून हळूहळू सरकवा. पान आधी फिकट आणि निस्तेज असतं. आच लागली की त्यावरून एक गडद हिरवी लकाकी सरकत जाते, कोणीतरी तेलाचा हात फिरवल्यासारखी. पानावरचं मेण वितळतं, ती ही लकाकी. ती लाट जिथपर्यंत गेली तिथपर्यंत पान मऊ झालं. एका जागी थांबू नका, तिथे तपकिरी डाग पडतो आणि पान पापडासारखं कडक होतं. पूर्ण पान फिरवून झालं की ते कापडासारखं हातावरून लोंबायला लागतं. आता दुमडून बघा.

शेगडी नसेल तर गरम तव्यावर दाबून किंवा उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट बुडवूनही पान मऊ पडतं. पाण्यातून काढलं तर नीट पुसा.

शेकूनही फाटलंच तर? दोन तुकडे एकमेकांवर ठेवा, एकाच्या रेषा आडव्या आणि दुसऱ्याच्या उभ्या. एक चिरलं तरी दुसरं धरून ठेवतं. मी तर नेहमीच दोन थर घेते. साधारण तीस सेंटीमीटर लांबीच्या माशाला पन्नास सेंटीमीटर लांब आणि चाळीस रुंद पान हवं.

चकचकीत बाजू आत की बाहेर?

दोन्ही रिवाज आहेत आणि चवीत काही फरक पडत नाही. चकचकीत बाजूला वाटण कमी चिकटतं, म्हणून मी ती आत ठेवते.

गोठवलेली पानं चालतील का?

चालतील. गोठल्यामुळे ती आधीच थोडी मऊ पडलेली असतात, पण घडीवर हमखास तुटतात. पाकीट बाहेर काढून पूर्ण वितळू द्या, घाईने उलगडू नका. वास ताज्या पानापेक्षा कमी येतो, म्हणून निदान शेवटची पाच मिनिटं तरी निखाऱ्यावर किंवा कोरड्या तव्यावर पुडकं शेका.

केळीचं पान मिळत नसेल तर दुसरं कोणतं?

चिनी स्वयंपाकात कमळाचं पान वापरतात. ते वाळवलेलं मिळतं. गरम पाण्यात अर्धा-पाऊण तास भिजवलं की मऊ होतं. एकाच पानात अख्खा मासा मावतो आणि वास फार खानदानी असतो. मात्र तो हळद-मिरचीच्या वाटणाशी जुळत नाही. कमळाच्या पानात आलं, कांद्याची पात, मशरूम आणि थोडा सोया सॉस एवढंच बरं.

हळदीचं पान छोट्या माशाला पुरतं. सुमात्रात ते मासे आणि मांसाच्या रश्शात घालतात. मोठ्या माशाला ते केळीच्या पानाच्या आत अस्तरासारखं घाला. पांदानचं पानही तसंच आत. ते अरुंद असल्यामुळे त्यात मासा बांधता येत नाही, पण त्याच्या वासात आणि बासमती तांदळाच्या वासात एकच द्रव्य असल्यामुळे भाताबरोबर ते फार छान लागतं.

अळूच्या पानात बांधायचा विचार असेल तर थांबा. त्यातली खाज जायला बराच वेळ शिजणं आणि आंबट लागतं, आणि मासा वीस मिनिटांत तयार होतो. दोघांचं वेळापत्रक जुळत नाही. बागेतलं शोभेचं, नाव माहीत नसलेलं कोणतंही पान वापरू नका. काही विषारी असतात, आणि काहींवर फवारणी झालेली असते.

वाटण कसं करायचं?

६०० ते ७०० ग्रॅमच्या माशाला मी जे घेते ते असं: आठ छोटे कांदे, पाच लसणीच्या पाकळ्या, चार-पाच लाल मिरच्या, बोटाच्या दोन पेरांएवढी ओली हळद, तेवढंच आलं, त्याच्या निम्मं गलांगल (आल्याच्या कुळातला कंद), चार कँडलनट (एक तेलकट बी), एक चमचा चिंचेचा कोळ, दीड चमचा मीठ आणि सुपारीएवढा ताडगूळ. हे पाणी न घालता वाटायचं. गवती चहाच्या दोन काड्यांचा खालचा पांढरा भाग ठेचून वेगळा ठेवायचा, तो वाटायचा नाही. त्याचे धागे दातात येतात.

कँडलनटला जावामध्ये 'केमिरी' म्हणतात. ते कच्चं खाऊ नका, पोट बिघडतं. शिजल्यावर चालतं. ते वाटणाला दाटपणा आणतं, म्हणून नसेल तर सहा-सात काजू घाला, काम भागतं. गलांगल नसेल तर आलं वाढवू नका. दोघांची चव वेगळी आहे. त्याऐवजी लिंबाची किंवा काफिर लाइमची दोन पानं चिरून घाला.

आता मुद्द्याचं. वाटण कच्चंच लावायचं की परतून? दोन्ही प्रकारे करतात. मी परतून लावते, आणि तुम्हीही तसंच करावं असं मला मनापासून वाटतं. पुडक्याच्या आत सगळं वाफेवर वीस मिनिटं राहतं. तेवढ्यात मासा शिजतो, पण कांदा-लसणीचा कच्चा उग्रपणा जात नाही. तो घालवायला मासा जास्त वेळ ठेवला तर मासा जातो. दोन मोठे चमचे तेलात वाटण मंद आचेवर सहा-सात मिनिटं परता. आधी डोळ्यांना झोंबणारा वास येतो, मग तो गोडसर होतो आणि कडेला तेल दिसायला लागतं. तिथे थांबा. पूर्ण गार करा. गरम वाटण कच्च्या माशाला लावलं तर वरचं कातडं आधीच शिजायला लागतं.

मासा किती वेळ मुरवायचा?

अर्धा तास. जास्त नाही.

वाटणात लिंबूरस असेल तर पंधरा मिनिटंच, कारण तो त्याहून जास्त राहिला की मांसाचा वरचा थर पांढरा आणि भुसभुशीत होतो. कच्च्या आल्यात प्रथिनं तोडणारं एक द्रव्य असतं, त्यामुळे कच्चं आलं चोळून मासा रात्रभर ठेवला तर सकाळी तो पिठासारखा लागतो. चवीसाठी वेळ वाढवण्यापेक्षा चर नीट द्या आणि वाटण चरांमध्ये बोटाने दाबून भरा.

कोणत्या भाज्या घालायच्या आणि कशा चिरायच्या?

नियम एकच आहे: माशाबरोबर शिजेल तेवढीच बारीक. पुडकं एकदा बांधलं की मध्ये उघडून बटाटा शिजला का बघता येत नाही.

टोमॅटो, कांदा, भोपळी मिरची, मशरूम, कोबी, चायनीज कोबी यांना काही विशेष करावं लागत नाही. जाडसर चकत्या किंवा बोटभर पट्ट्या पुरतात. गाजर आगकाडीएवढं पातळ. चवळीच्या लांब शेंगा किंवा फरसबी चार सेंटीमीटरचे तुकडे करून दोन मिनिटं मिठाच्या उकळत्या पाण्यातून काढून. कोवळी मक्याची कणसं उभी चिरून. बटाटा, रताळं, सुरण मी घालत नाही. अगदी हवंच असेल तर आधी पाऊण शिजवून. ताजे बांबूचे कोंब असतील तर ते वेगळ्या पाण्यात भरपूर उकळून, ते पाणी फेकून मगच घाला. कच्च्या कोंबात सायनाइड तयार करणारं द्रव्य असतं, आणि वाफेची वीस मिनिटं त्याला पुरेशी नाहीत.

पालेभाजीची जागा माशाखाली. थायलंडमध्ये 'हो मोक' आणि कंबोडियात 'अमोक' करताना पानाच्या द्रोणात तळाला नोनीच्या झाडाची पानं किंवा कोबी घालतात, वर मासा आणि नारळाच्या दुधाचं मिश्रण. त्यात मासा अख्खा नसतो, पण ती युक्ती इथेही उपयोगी आहे. तळाला पालेभाजी असली की मासा पानाला चिकटत नाही आणि वरून गळणारा सगळा रस तिच्यात मुरतो. आमच्या ताटात माशाआधी ती संपते.

तुळस, शेपू, कोथिंबीर अशी वासाची पानं दोन हातांनी घाला, चिमटीने नाही. मूठभर पान वाफेत चमचाभर होतं. थाई तुळस मिळाली तर उत्तम. देवळातली काळी तुळस मात्र कडवट लागते, तिच्याऐवजी शेपू आणि लिंबाची साल घ्या.

पुडक्यात पाणी फार सुटतं. काय चुकतं?

तीन गोष्टी बघा. मासा ओला होता का, टोमॅटोच्या बिया काढल्या होत्या का, आणि कोबीला आधी मीठ चोळून दहा मिनिटांनी पिळलं होतं का. माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक 'पाणचट' तक्रारी टोमॅटोवर येऊन थांबतात. एका पुडक्यात एकच टोमॅटो, बिया काढून.

थोडा रस सुटणारच, आणि तो सुटायलाच हवा. तो दाट हवा असेल तर लाओसची युक्ती करा: दोन चमचे चिकट तांदूळ तीन-चार तास भिजवून खलात कुटा आणि वाटणात मिसळा. साधा तांदूळही चालतो.

बांधायचं कसं?

पान पसरा. मधोमध पालेभाजी, त्यावर चिरलेल्या भाज्यांपैकी अर्ध्या, मग थोडं वाटण. त्यावर मासा. पोटात ठेचलेला गवती चहा, दोन-तीन टोमॅटोच्या फोडी आणि तुळस. पोट फुगेपर्यंत भरू नका, वाफ आत शिरायला जागा हवी. वरून उरलेलं वाटण आणि उरलेल्या भाज्या.

लांब कडा एकमेकींजवळ आणून दोनदा दुमडा, घट्ट, माशाच्या अंगाबरोबर. मग टोकं खाली वळवा. जावामध्ये टोकांना बांबूची काडी किंवा नारळाच्या झावळीचा हीर टोचतात. तो नसेल तर टूथपिक, किंवा दोन जागी सुती दोरा. प्लास्टिकचा दोरा किंवा रबर नको. पुडकं हातात घेऊन हलवल्यावर आत काही सरकता कामा नये. सैल पुडक्यात वाफ वर जमते आणि मासा खाली रसात उकळतो.

वाफेवर, ओव्हनमध्ये, तव्यावर की निखाऱ्यावर?

माझी पसंती दोन टप्प्यांना, म्हणजे सुंदा पद्धतीला. मोदकपात्रात किंवा कोणत्याही मोठ्या भांड्यात चाळणी ठेवून, पाणी खळखळ उकळल्यावर पुडकं ठेवायचं आणि पंधरा मिनिटं झाकायचं. मग काढून निखाऱ्यावर, जाळीवर किंवा कोरड्या तापलेल्या तव्यावर दोन्ही बाजूंना चार-चार मिनिटं, पान काळपट होऊन करपल्याचा वास येईपर्यंत. वाफेने मासा शिजतो, आचेने जास्तीचं पाणी आटतं आणि पानाचा वास आत उतरतो.

नुसत्या वाफेवर करायचा तर अठरा ते वीस मिनिटं. ओव्हन २०० अंश सेल्सिअसला आधी तापवून पंचवीस ते तीस मिनिटं, पुडकं ट्रेवर आणि दुमड वरच्या बाजूला. तव्यावर झाकण ठेवून मंद-मध्यम आचेवर एकेका बाजूला दहा-बारा मिनिटं. निखाऱ्यावर थेट करणार असाल तर ज्वाळा पूर्ण बसू द्या, निखाऱ्यांवर राखेची पांढरी साय येऊ द्या, पानाचे तीन थर घ्या.

वेळ वजनावर नाही, जाडीवर ठरवा. जुना ठोकताळा असा की दर अडीच सेंटीमीटर जाडीला दहा मिनिटं, आणि मासा गुंडाळलेला असला की वर पाच. मासा फ्रिजमधून थेट काढलेला असेल तर ठोकताळा चुकतो, तेव्हा (बांगडा आणि ट्यूना सोडून) पंधरा मिनिटं आधी बाहेर काढा.

शिजला हे न उघडता कसं कळणार?

पातळ, टोकदार सुरी पानातूनच डोक्यामागच्या सगळ्यांत जाड भागात कण्यापर्यंत घाला, पाच सेकंद थांबा, बाहेर काढून तिचं पातं ओठांच्या खाली लावा. चांगलं गरम लागलं तर झालं. कोमट लागलं तर अजून तीन मिनिटं. थर्मामीटर असेल तर तिथे ६३ अंश सेल्सिअस दिसायला हवं.

उघडल्यावर पाठीकडच्या चरात काटा घालून फिरवा. मांस काट्यापासून आपणहून सुटलं, पांढरं आणि ओलसर दिसलं तर बरोबर. काट्याला अडकून राहिलं तर थोडं कच्चं. मांसावर दह्यासारखे पांढरे थेंब खूप आले असतील तर मासा थोडा जास्त झाला आहे, पुढच्या वेळी दोन-तीन मिनिटं कमी करा.

चुलीवरून काढल्यावर पाच मिनिटं पुडकं तसंच राहू द्या. उघडताना तोंड दूर ठेवा आणि पलीकडची बाजू आधी उचला. आतली वाफ चांगलीच भाजते.

नारळाचं दूध घालता येईल का?

येईल. पातळ दूध घालू नका, दाट पहिलं दूध चार चमचे वाटणात मिसळा. त्याहून जास्त घातलं तर पुडकं गळतं.

सकाळी बांधून संध्याकाळी शिजवला तर?

वाटण आदल्या दिवशी करा, पानं शेकून ओल्या फडक्यात ठेवा, भाज्या चिरून ठेवा. मासा मात्र शिजवण्याआधी तासभरातच बांधा. आधी बांधलेल्या पुडक्यात मीठ भाज्यांचं पाणी काढत राहतं.

बांगडा किंवा ट्यूना असेल तर तो शिजेपर्यंत पूर्ण वेळ थंडच ठेवा. हे मासे उबेत राहिले की त्यांच्यात हिस्टामीन तयार होतं, त्याने अंगावर पित्त उठल्यासारखे लाल चट्टे येतात, डोकं दुखतं, आणि ते शिजवून नाहीसं होत नाही. मासा वासाला ठीक वाटला म्हणजे तो ठीकच आहे असं इथे धरू नका.

पान खायचं असतं का?

केळीचं आणि कमळाचं नाही. ते ताट म्हणून ठेवा.

वाढायचा कसा? काट्यांची भीती वाटते.

पुडकं तसंच मोठ्या ताटात ठेवून, वरचं पान मधोमध कापून दोन्हीकडे उलगडा. पाठीच्या बाजूने, डोक्यापासून शेपटीपर्यंत कण्याला समांतर चमचा फिरवा. वरची बाजू दोन भागांत सुटते, एक पाठीचा आणि एक पोटाचा. ते बाजूला घ्या. आता शेपटीजवळ कणा धरून हळू वर उचला. मासा बरोबर शिजला असेल तर डोक्यासकट अख्खा सांगाडा एका झटक्यात येतो आणि खालची बाजू भाज्यांवर तशीच राहते. लहान मुलांना पाठीचा भाग द्या, पोटाकडे बारीक काटे असतात.

रोहू, कटला किंवा कार्प यांच्या मांसात दोन तोंडांचे बारीक काटे रुतलेले असतात, ते असे निघत नाहीत. जावातल्या सेमारांग शहरात मिल्कफिशसारखा काटेरी मासा प्रेशरमध्ये शिजवून काटे मऊ करतात, 'बांदेंग प्रेस्तो' म्हणून तो प्रसिद्ध आहे. घरी तसं करायचं तर भाज्यांशिवाय, कारण तेवढ्या वेळात भाज्या उरत नाहीत. काट्यांची सवय नसलेल्यांसाठी पापलेट किंवा जिताडा घ्या.

डोकं टाकू नका. गालांचं मांस, डोळ्याखालच्या खळग्यातलं, हे पूर्ण माशातलं सगळ्यांत मऊ असतं. चमच्याच्या टोकाने गोट्यांसारखं निघतं.

उरला तर?

काटे काढून, भाज्यांसकट डब्यात, फ्रिजमध्ये, दुसऱ्या दिवसापर्यंत. परत गरम करताना मायक्रोवेव्हमध्ये तो रबरासारखा होतो. पानाचा एखादा तुकडा तव्यावर ठेवा, त्यावर मासा आणि त्याचा गोठलेला रस, झाकण ठेवून मंद आचेवर पाच-सात मिनिटं. रस आधी वितळतो, मग मासा त्यात गरम होतो. मी तर तो गरम भातात कुस्करून, वर कच्चा कांदा आणि लिंबू पिळून खाते, आणि त्यासाठी मुद्दाम एक मासा जास्त बांधते.